शेवईची कुळकथा

घाईच्या वेळी घरात काय करावे, या प्रश्नाला शहरांतील अनेक स्वयंपाकघरांत हल्ली एकच उत्तर मिळते. नूडल्स उकडून घ्यावेत, कोबी, गाजर, फरसबी आणि ढोबळी मिरची बारीक चिरून मोठ्या आचेवर परतावी, दोन्ही एकत्र करून मीठ, मिरपूड घालावी, की पंधरावीस मिनिटांत जेवण तयार. हा पदार्थ परका आहे, तो पुड्यातून जन्माला आला आणि त्याने आपल्या जुन्या पदार्थांना बाजूस सारले, अशी एक समजूत आहे. ही समजूत निम्मीच खरी आहे. पुडा परका असेल. पण पिठाचा तंतू करावा, तो शिजवावा आणि फोडणीत परतून भाजीसह किंवा भाजीवाचून खावा, ही कल्पना दक्षिण भारताला आणि महाराष्ट्रालाही फार जुन्या काळापासून परिचित आहे. बदलले आहे ते दुसरेच काही. तो तंतू करण्यासाठी लागणारे श्रम कोणी, कोठे आणि केव्हा करावयाचे, याची वाटणी बदलली आहे. शेवईचा इतिहास हा मुख्यतः या वाटणीचा इतिहास आहे.

चेन्नई शहरातील वेस्ट मांबलम ही वस्ती या दृष्टीने मोठी बोधप्रद आहे. १९९६ पर्यंत मद्रास या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या शहरात १९२० च्या दशकात लाँग टँक नावाचा विस्तीर्ण तलाव बुजवून त्यागरायनगर वसविण्यात आले. लोहमार्गाच्या पूर्वेला हे आखीव नवे नगर उभे राहिले. पश्चिमेला राहिली ती वेस्ट मांबलमची वस्ती. १९३१ साली बीच ते तांबरम या मार्गावर विजेची गाडी धावू लागली आणि मांबलम स्थानकाच्या आसऱ्याने कारकून, शिक्षक, हिशेबनीस अशा पांढरपेशा कुटुंबांना येथे राहून शहरात नोकरी करणे सोयीचे झाले. अरुंद रस्ते, दाटीची घरे, कोदंडरामाचे आणि काशी विश्वनाथाचे देऊळ, आर्य गौडा रस्त्यावरील अयोध्या मंडपम, भाजीचे आणि फुलांचे विक्रेते, असे या वस्तीचे रूप आहे. येथील पुष्कळ घरांतून शाकाहारी स्वयंपाकाची परंपरा निष्ठेने पाळली जाते. पण या वस्तीचे घड्याळ प्रथमपासूनच आगगाडीच्या वेळापत्रकाशी बांधलेले आहे. जुनी पाकपरंपरा आणि गाडीची वेळ यांची जेथे रोज गाठ पडते, तेथे झटपट पदार्थाचा प्रश्न केवळ चवीचा राहत नाही.

तमिळ घरातील तंतूचा पदार्थ म्हणजे सेवै. तो करण्याची रीत पाहिली म्हणजे ‘झटपट’ या शब्दाचा अर्थ आपोआप उलगडतो. उकडा तांदूळ काही तास भिजत घालावयाचा. मग दगडी रगड्यात तो गंधासारखा बारीक वाटावयाचा. त्या वाटणाचे गोळे करून ते वाफवावयाचे आणि वाफ निवण्यापूर्वी साच्यात घालून दाबावयाचे. या साच्याला तमिळमध्ये ‘सेवै नाळि’ म्हणतात. गोळा निवला की तो घट्ट होतो आणि साच्यातून उतरत नाही. म्हणून हे काम चटका सोसून आणि अंगचे सर्व बळ लावूनच करावे लागते. साच्याखालच्या ताटात पांढरेशुभ्र, मऊ तंतू पडतात. एवढे झाल्यावर पुढचे काम मात्र क्षणाचे आहे. मोहरी, उडदाची व हरभऱ्याची डाळ, मिरची, कढीलिंब आणि हिंग यांची फोडणी करावी, तीत सेवै हलक्या हाताने परतावी, वरून लिंबू पिळावे किंवा ओला नारळ घालावा. सोबत ताकाच्या कढीच्या जातीचे मोरकुळंबु आणि पापड असला म्हणजे त्या दिवसाच्या जेवणाला सणाचे रूप येते. परतण्यास पाच मिनिटे आणि त्याआधी तंतू करण्यास अर्धा दिवस, असा हा हिशेब आहे.

सेवैचे सख्खे भावंड म्हणजे इडियाप्पम. दोहोंत भेद आहे तो क्रमाचा. सेवै आधी शिजते आणि नंतर साच्यातून उतरते. इडियाप्पमसाठी तांदळाचे पीठ कढत पाण्यात मळतात, साच्यातून त्याची जाळी पाडतात आणि मग ती वाफवतात. ‘इडि’ म्हणजे कांडणे, या धातूवरून त्याचे नाव पडले. केरळात त्यालाच ‘नूलप्पम’ असेही म्हणतात. ‘नूल’ म्हणजे सूत. तमिळ माणसे समुद्रापार गेली तेव्हा हा पदार्थही त्यांच्याबरोबर गेला आणि मलेशियात व सिंगापुरात ‘पुट्टु मायम’ या नावाने रुळला. अन्नेतिहासाचे अभ्यासक के. टी. आचया यांच्या मते इडियाप्पमचा उल्लेख संगमकालीन तमिळ साहित्यापर्यंत मागे जातो. कर्नाटकाचा पुरावा तर अधिक नेमका आहे. चावुंडरायाने १०२५ च्या सुमारास कन्नडमध्ये रचलेल्या ‘लोकोपकार’ या ग्रंथात शाविगे करण्याची रीत आणि तिचा साचा यांची माहिती आलेली आहे. चीनमध्ये तंतूची परंपरा याहूनही प्राचीन आहे. तेथील लाजिया या ठिकाणी एका पालथ्या वाडग्याखाली सुमारे ४००० वर्षांपूर्वीचे तंतू सापडल्याचे संशोधकांनी २००५ साली जाहीर केले. ते ज्वारीबाजरीच्या वर्गातील बारीक धान्याचे असावेत, असा त्यांचा निष्कर्ष होता.

तांदळाचा तंतू शिजवूनच का करावा लागतो आणि गव्हाचा कच्चाच का वळता येतो, याचे उत्तर त्या धान्यांच्या स्वभावात आहे. गव्हाचे पीठ पाण्यात मळले की त्यातील प्रथिनांचे चिवट जाळे तयार होते. ते ताणता येते, वळता येते, वाळविता येते. तांदळात हा गुण नाही. त्याचे पिष्ट उष्णतेने फुगून चिकट झाले तरच कण एकमेकांस धरून राहतात. म्हणून भाताच्या मुलखाने साचा आणि वाफ यांचा आश्रय घेतला आणि गव्हाच्या मुलखाने पाट आणि ऊन यांचा. महाराष्ट्रात हे दोन्ही मार्ग एकाच प्रदेशात पाहावयास मिळतात. सिंधुदुर्गाकडे रस-शिरवाळे करतात, तेव्हा तांदळाच्या पिठाचे गोळे शिजवून ते गरम असतानाच लाकडी साच्यातून दाबतात आणि ते तंतू गूळ घातलेल्या नारळाच्या रसाबरोबर खातात. शिरवाळ्यांची ही रीत आणि वेस्ट मांबलममधील सेवैची रीत मुळात एकच आहे. एकीला रसाची गोडी आहे, तर दुसरीला फोडणीचा खमंगपणा, एवढेच काय ते अंतर.

देशावरची शेवई मात्र गव्हाची. सोळाव्या शतकातील भावमिश्राच्या ‘भावप्रकाश’ या वैद्यकग्रंथात ‘सेविका’ या नावाने तिचे वर्णन आढळते. गव्हाच्या बारीक पिठाच्या सूक्ष्म वाती कराव्या, वाळवाव्या आणि दुधात शिजवून तूपसाखरेसह खाव्या, असा तिचा विधी आहे. चैत्रवैशाखात पाटावर शेवया वळण्याची जी चाल महाराष्ट्रात पिढ्यानुपिढ्या चालत आली, ती याच कुळातली. हे काम एकटीचे नव्हे. शेजारच्या चार बायका जमावयाच्या, कोणी पीठ तिंबावयाचे, कोणी पाटावरून सुतासारखी शेवई ओढावयाची, कोणी ती काठीवर अलगद टाकून उन्हात न्यावयाची. पुढे हाताने फिरवावयाचे शेवयांचे यंत्र आले आणि कष्ट थोडे हलके झाले. वर्षाचा साठा डब्यात भरला, की मग भर पावसात अवचित पाहुणा दारात उभा राहिला, तरी घटकाभरात खीर तयार. म्हणजे झटपट पदार्थ ही कल्पनाही मुळीच नवी नाही. उन्हाळ्यात खर्च केलेला वेळ पावसाळ्यात वापरण्याची ती एक युक्ती होती. तमिळ सेवैला अशी सोय नव्हती. ती ओली असते आणि त्याच दिवशी खाऊन संपवावी लागते. त्यामुळे तिचे सर्व श्रम त्याच सकाळी, त्याच बाईच्या वाट्याला यावयाचे.

गव्हाच्या मुलखातील माणसे भाताच्या मुलखात जाऊन राहिली, असा एक मोठा प्रसंग मराठ्यांच्या इतिहासात घडला. व्यंकोजीराजे भोसले यांनी १६७५ च्या सुमारास तंजावर घेतले आणि १८५५ पर्यंत तेथे भोसल्यांची गादी टिकली. ही गादी पाकशास्त्राच्या बाबतीतही विद्येची उपासक होती. समर्थ रामदासांच्या परिचयातील रघुनाथपंडित नवहस्त यांना व्यंकोजीराजांची राणी दीपाबाई हिचा आश्रय लाभला. ‘भोजनकुतूहल’ हा अन्नपदार्थांचा आणि त्यांच्या गुणदोषांचा विचार करणारा संस्कृत ग्रंथ त्यांचाच. पुढे दुसऱ्या सरफोजीराजांच्या काळातील राजवाड्याच्या पाककृती मराठीत लिहिल्या गेल्या आणि ‘शरभेंद्र पाकशास्त्र’ या नावाने सरस्वती महाल ग्रंथालयाने त्या प्रसिद्ध केल्या. राज्य गेल्यानंतर तंजावरची अनेक मराठी कुटुंबे शिक्षणासाठी आणि नोकरीसाठी मद्रासला आली. घरात मराठी, दारात तमिळ, असा त्यांचा संसार. शेवई आणि सेवै हे दोन शब्द एका कानाने ऐकणारी ही माणसे आहेत, आणि त्या दोन शब्दांमागे धान्याचा, हवेचा आणि श्रमाचा केवढा फरक आहे, हे त्यांच्याइतके दुसऱ्या कोणाला कळावे?

विसाव्या शतकात या जुन्या व्यवस्थेला पहिला धक्का दिला तो युद्धाने. १९४२ साली जपानने ब्रह्मदेश घेतला आणि तेथून येणारा तांदूळ थांबला. मद्रास इलाख्याला या तांदळाची सवय होती. धान्याचे नियंत्रण आले, शिधापत्रिका आल्या आणि भातावर वाढलेल्या माणसांना गव्हाची ओळख करून घ्यावी लागली. स्वातंत्र्यानंतर १९५६ सालच्या कराराने अमेरिकेचा गहू मोठ्या प्रमाणावर देशात येऊ लागला. गव्हाच्या कारखानी शेवयांचा उपमा, ज्याला तमिळ घरांत ‘सेमिया उप्पुमा’ म्हणतात, तो दक्षिणेत रोजच्या न्याहारीचा पदार्थ झाला. तंतू परतण्याची रीत जुनीच राहिली. धान्य बदलले आणि तंतू करण्याचे काम घराबाहेर गेले.

नवल असे, की ज्या जपानने ब्रह्मदेशाचा तांदूळ अडविला, त्याच जपानवर युद्ध संपताच तशीच पाळी आली. तांदळाची टंचाई झाली आणि अमेरिकेचा गहू आला. त्याचे पाव करून खावे, असा सरकारी प्रचार सुरू झाला. मोमोफुकु आंदो या तैवानात जन्मलेल्या उद्योजकाला प्रश्न पडला, की ज्या देशाला नूडल्सची सवय आहे, त्याने पाव का खावा? ओसाकाच्या काळ्या बाजारात गरम नूडल्सच्या वाडग्यासाठी थंडीत लागलेल्या रांगा त्याने पाहिल्या होत्या. घरामागच्या खोपटात अनेक प्रयोग करून त्याने २५ ऑगस्ट १९५८ रोजी झटपट नूडल्स बाजारात आणले. त्याची युक्ती साधी होती. वाफवलेले तंतू कढत तेलात तळले, की आतील पाण्याची वाफ होऊन ती बाहेर पडते आणि तंतूत असंख्य सूक्ष्म छिद्रे राहतात. पुढे त्यावर गरम पाणी पडले, की ते या छिद्रांतून झपाट्याने आत शिरते. आपल्या शेवईला जे वैशाखाचे ऊन करीत असे, ते काम येथे उकळत्या तेलाने एकदोन मिनिटांत केले. आरंभी हा पुडा ३५ येनला पडे. ताज्या नूडल्सच्या मानाने तो बराच महाग होता. तरीही तो खपला, कारण गिऱ्हाईक केवळ पिठाचे मोल देत नव्हते, तर वेळेचेही देत होते.

भारतात झटपट नूडल्स १९८३ साली मॅगी या नावाने आले. या नावामागची हकीकत अर्थपूर्ण आहे. स्वित्झर्लंडचे ज्युलियस मॅगी हे पिठाच्या गिरणीचे मालक होते. कारखान्यात काम करू लागलेल्या बायकांना घरी रांधण्यास वेळ उरत नाही, त्यांच्या कुटुंबांचे पोषण खालावते, यावर उपाय म्हणून १८८० च्या दशकात त्यांनी कडधान्यांच्या पिठाची लवकर शिजणारी सारे तयार केली. म्हणजे या नावाचा जन्मच मुळी बाईच्या हातातून निसटलेल्या वेळेपोटी झाला. शंभर वर्षांनी ते नाव भारतात आले, तेव्हा येथेही एकत्र कुटुंबे विरळ होत होती आणि बायका कचेऱ्यांत जाऊ लागल्या होत्या. २०१५ च्या जून महिन्यात अन्नसुरक्षा प्राधिकरणाने या नूडल्सची विक्री थांबविली. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि नोव्हेंबरात ते पुन्हा दुकानांत आले. न्यायालयाचा निर्णय काहीही असो, त्या पाच महिन्यांत देशभरच्या घरांना एक गोष्ट जाणवली. आपण काय खातो, हे ठरविण्याचा अधिकार आपल्या चुलीपासून किती दूर गेला आहे, ती ही गोष्ट.

आता त्या परतलेल्या भाज्यांकडे वळू. तमिळ ब्राह्मण घरांत कोबी, गाजर, फरसबी यांना ‘इंग्लिश भाज्या’ म्हणतात आणि श्राद्धाच्या स्वयंपाकात त्या चालत नाहीत. कोइमतूरचा कलेक्टर जॉन सलिव्हन याने १८२० च्या दशकात निलगिरीवर युरोपी भाज्यांची लागवड सुरू केली. त्या डोंगरावरून पुढे अशा भाज्या मद्रासच्या बाजारात आल्या. मिरची तर पोर्तुगीजांबरोबर अमेरिकेहून आलेली. तमिळने तिला आपल्या मिऱ्याचे, म्हणजे ‘मिळगु’चे नाव देऊन ‘मिळगाय’ केले आणि ढोबळी मिरचीला छत्रीची उपमा देऊन ‘कुडै मिळगाय’ म्हटले. घरचे म्हणावे असे या कढईत मिरेच काय ते आहे. मोठ्या आचेवर भराभर परतण्याची रीत चिनी. भारताला तिची ओळख मुख्यतः कलकत्त्याच्या हक्का चिनी वसाहतीने करून दिली, म्हणूनच ‘हक्का नूडल्स’ हे नाव आजही चालते. पण ही रीत घरात येण्यास चूलही तशी हवी. लाकडाच्या किंवा कोळशाच्या चुलीवर आच पाहिजे तशी चढविणे उतरविणे कठीण. १९६५ साली कलकत्त्यात इंडेनचा गॅस प्रथम आला आणि पुढे तो शहरोशहरी पसरला; तेव्हाच कढईखालची ज्योत गृहिणीच्या बोटाच्या हुकमतीत आली.

या रीतीचे मर्म समजले, तर पदार्थ सहसा बिघडत नाही. भाज्या काडीसारख्या पातळ आणि एकसारख्या चिराव्या, म्हणजे त्या एकाच वेळी शिजतात. नूडल्स किंचित कच्चे असतानाच चाळणीत ओतून थंड पाण्याखाली धरावे आणि थोडे तेल चोळावे, म्हणजे ते एकमेकांस चिकटत नाहीत. कढई चांगली तापल्यावर तेल, आले, मिरची, मग कडक भाज्या आणि शेवटी मऊ, असा क्रम ठेवावा. कढईत एकदम गर्दी करू नये. भाज्यांना पाणी सुटले, की त्या परतल्या न जाता उकडल्या जातात. ज्या घरात कांदालसूण चालत नाही, तेथे हिंग आणि मिरपूड यांवर भागते. आणि बाजारच्या मैद्याच्या पुड्याऐवजी तांदळाची वाळविलेली सेवै घेतली, तर पाच मिनिटे कढत पाण्यात ठेवून तिचाही हाच पदार्थ होतो. अशी सेवै आता पुड्यांतून मिळते. जी सेवै कधी साठवता येत नव्हती, तिलाही अखेर यंत्राने वाळवून डब्यात बसविले आहे.

या साऱ्या प्रवासाबद्दल हळहळावे की समाधान मानावे? जुन्या सेवैची गोडी सांगणारे पुष्कळ आहेत. पण ती गोडी ज्या खांद्यांतून उतरत असे, ते खांदे दुखत असत, हे सांगणारे थोडे. १९५५ साली कोइमतूरच्या पी. सभापती यांनी विजेवर चालणारा रगडा तयार केला. त्याने दक्षिणेतील बायकांचे जेवढे कष्ट वाचविले, तेवढे फार थोड्या यंत्रांनी वाचविले असतील. त्याआधी चारच वर्षे, १९५१ साली, एस. मीनाक्षी अम्माळ या मद्रासच्या विधवा बाईंनी ‘समैत्तुप्पार’ हे पाकशास्त्राचे पुस्तक प्रसिद्ध केले. सासू किंवा आई जवळ नसलेल्या मुलींना ते उपयोगी पडले. मराठीत १९१० साली लक्ष्मीबाई धुरंधर यांच्या ‘गृहिणी-मित्र’ने आणि १९७० साली कमलाबाई ओगले यांच्या ‘रुचिरा’ने हेच कार्य केले. यंत्राने श्रम वाचविले आणि पुस्तकांनी ज्ञान राखले. पुड्याने मात्र श्रमाबरोबर ज्ञानही घराबाहेर नेले, आणि खरी तोटीची बाजू तीच आहे. तंतू कोणत्या धान्याचा, तो कसा शिजला, त्यात मीठ किती, हे ज्या घराला ठाऊक नाही, त्या घराला त्यात बदल करण्याचाही अधिकार उरत नाही.

म्हणून वेस्ट मांबलममधील एखाद्या कुटुंबात रविवारी सेवै नाळि बाहेर निघते आणि बुधवारी संध्याकाळी नूडल्स परतले जातात, यात विसंगती मानण्याचे कारण नाही. दोन्ही पदार्थ एकाच कुळातले आहेत. रविवारी घरातील सर्व माणसांनी आळीपाळीने साचा दाबावा, म्हणजे ती गोडी एकाच खांद्यावर पडणार नाही. बुधवारी पुडा फोडावा. पण त्यातील मसाल्याची पुडी बाजूस ठेवून भाजी, मीठ आणि मिरे आपल्या हाताने घालावे. श्रमांची वाटणी आणि कृतीची जाण, एवढ्या दोन गोष्टी घरात राहिल्या, तर तंतू साच्यातून येवो, पाटावरून येवो की कारखान्यातून, तो त्या घरचाच होतो.